आधी भरवसा

सांगली जिल्ह्यात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची एक वसाहत आहे. तिथली कर्ती माणसं बहुतेक खुनाच्या गुन्ह्यात जन्मठेप भोगत आहेत आणि ती तिथं बायकापोरांसह राहतात. तट नाही, बुरूज नाही. सकाळी हजेरी होते, मग बापे शेतात जातात, पोरं दप्तरं पाठीला लावून शाळेची वाट धरतात, बायका धुणी वाळत घालतात. रस्त्यावरून जाणाऱ्या एसटीतल्या माणसाला हा तुरुंग आहे हे कुणी सांगितल्याशिवाय कळायचं नाही.

यंदाच्या अंकासाठी संपादकांनी ‘परतणं’ हा विषय कळवला, तेव्हा माझ्या मनात पहिल्यांदा तुरुंग आला. गुन्हेगाराला आत टाकण्याबद्दल आपण पुष्कळ बोलतो. तो बाहेर येणार आहे, याबद्दल फारसं कुणी बोलत नाही. फाशी झालेले आणि मरेपर्यंत आत राहायची शिक्षा झालेले सोडले, तर आत गेलेला जवळजवळ प्रत्येक माणूस कधी ना कधी परत येतो. आपल्याच गल्लीत येतो, आपल्याच एसटीत बसतो, आपल्याच नाक्यावर काम मागत उभा राहतो. त्या वेळी त्याच्या हाताशी काय असतं, हे बघायचं ठरवून मी निघालो.

स्वतंत्रपुरात एक पन्नाशीचे गृहस्थ मिरचीच्या वाफ्याला दारं धरत होते. नाव-गाव लिहायचं नाही, एवढी एकच अट त्यांनी घातली. इथं येण्याआधी त्यांची अकरा वर्षं बंद कारागृहात गेली होती. इथल्या पहिल्या दिवसाबद्दल विचारलं, तर ते दिवसाऐवजी रात्रीबद्दल बोलू लागले. “जेलात रातभर दिवा जळतोय. हितं मंडळींनी दिवा मालवला आन् म्हनल्या, कडी लावा. दाराला आतनं कडी लावायचं काम अकरा वर्सांत केलं नव्हतं बघा. दाराम्होरं हुबाच राह्यलो.” मग ते खोऱ्यानं बांध फोडून पाणी पुढच्या सरीत सोडायला वळले.

माणदेशातलं शेत, म्हणजे एके काळी पाण्यासाठी आभाळाकडे बघणं आलंच. आता टेंभू योजनेचं पाणी तालुक्यात पोचलं आहे, आजूबाजूला डाळिंबाच्या बागा दिसतात. वसाहतीतली शेतीही बाकीच्या शेतीसारखीच. पीक लागलं तर लागलं, नाही तर नाही. राबायला मात्र रोज जावं लागतं, आणि संध्याकाळी परतायला एक घर असतं.

राजा, इंजिनिअर आणि सिनेमा

ही वसाहत १९३९ ची. तेव्हा आटपाडी औंध संस्थानात होती. बाळासाहेब पंतप्रतिनिधी हे तिथले राजे, सूर्यनमस्कारांचे प्रसारक आणि स्वतः चित्रकार. १९३८-३९ मध्ये त्यांनी गांधीजींच्या सल्ल्यानं राज्यकारभार प्रजेच्या हाती सोपवणारी घटना संस्थानाला दिली. त्या सगळ्या धडपडीत मॉरिस फ्रीडमन हे वॉर्सात जन्मलेले पोलिश इंजिनिअर त्यांच्यासोबत होते. भारतात ते भारतानंद म्हणून ओळखले जात. पुढे निसर्गदत्त महाराजांचे मराठीतले संवाद इंग्रजीतून जगभर पोचवले ते याच फ्रीडमन यांनी. कैद्यांना भिंतींबाहेर, उघड्यावर ठेवून बघू, ही कल्पना त्यांचीच.

मला यात एक गोष्ट फार मोलाची वाटते. कैद्यांवरचा हा प्रयोग संस्थानात सुटा, एकटा झालेला नाही. अडाणी समजल्या गेलेल्या खेड्यांच्या हाती कारभार द्यायचा, तसाच खुनी समजल्या गेलेल्या माणसाच्या हाती नांगर द्यायचा. दोन्हीकडे विचार एकच होता: लायक झालास की विश्वास टाकू, असं म्हणत बसायचं नाही. विश्वास आधी टाकायचा. तो पेलता पेलताच माणूस लायक होतो.

१९४८ मध्ये संस्थान विलीन झालं, राजा गेला, वसाहत टिकली. १९५७ मध्ये व्ही. शांताराम यांनी याच प्रयोगावरून ‘दो आंखें बारह हाथ’ काढला. कथा-पटकथा ग. दि. माडगूळकरांची. ते याच मातीतले, माडगुळे आटपाडी तालुक्यातच आहे. बर्लिनच्या महोत्सवात चित्रपटाला रौप्य अस्वल मिळालं आणि जगाला या प्रयोगाची गोष्ट ठाऊक झाली. पण सिनेमाच्या मध्यभागी जेलर आहे: त्याचे डोळे, त्याची करुणा, त्याचं मरण. स्वतंत्रपुरात फिरताना जेलर शोधावा लागतो. तिथं कैद्याकडे दिवसभर डोळे लावून असतात ती त्याची बायको आणि पोरं. बाप दारू पिऊन आला किंवा न सांगता कुठं गेला, तर सगळ्या बिऱ्हाडाला गाशा गुंडाळावा लागेल, हे सातवीतल्या पोरालाही कळतं. एवढा कडक पहारा कुठल्याच बुरुजावरून होत नाही.

किल्ली हातात येईपर्यंत

तुरुंगात गेल्या गेल्या कुणी स्वतंत्रपूरला येत नाही. वाट लांब आहे. बंद कारागृहात काही वर्षं काढायची, शिस्तीचा शेरा चांगला ठेवायचा. मग एखाद्या बरॅकीची जबाबदारी मिळते, कारखान्यात हत्यारं मोजून घेण्या-देण्याचं काम मिळतं. पुढे तटाबाहेरच्या शेतावर पाठवतात. त्यानंतर निवड समितीसमोर नाव जातं आणि येरवडा, पैठण, मोर्शी अशा एखाद्या खुल्या कारागृहात, नाही तर स्वतंत्रपूरसारख्या वसाहतीत बदली होते. सराईत गुन्हेगार, पूर्वी पळून गेलेले आणि आणखी खटले अंगावर असलेले यांची नावं पुढे सरकत नाहीत.

या सगळ्यात खरी कसोटी रजेची. तुरुंगातल्या बोलीत तिला फर्लो म्हणतात, कागदावर संचित रजा. जन्मठेपेचा माणूस घरी जातो, आईच्या हातचं खातो, पोराचं जावळ काढतो आणि ठरलेल्या तारखेला आपल्या पायानं फाटकाशी येऊन उभा राहतो. तुरुंगात गुरुजी म्हणून बरीच वर्षं काढलेल्या एका शिक्षकांनी मला सांगितलं, “व्याख्यानं, ध्यान, भजन हे सगळं मी घेतलं. त्याचा उपयोगही होतो. पण बंदी सुधारतोय का, हे मला विचाराल तर मी एवढंच बघतो, की तो फर्लोवरून किती वाजता आला. शेवटच्या दिवशी दुपारीच येऊन फाटकाबाहेर झाडाखाली बसणारे असतात. त्यांची काळजी नसते.”

वेळेवर परतला की पुढची रजा सुकर होते, खुल्या कारागृहात माफीचे दिवस जास्त पडतात, शिक्षा तेवढी आखडते. कुठंही भाषण नाही. विश्वासाचा एक तुकडा द्यायचा, तो सांभाळला तर त्याहून मोठा द्यायचा. पळालाच तर मिळवलेली माफी जाते आणि परत भिंतींच्या आत.

कामाला मोबदला मिळतो. ऑगस्ट २०२३ मध्ये राज्यानं तो वाढवला, तेव्हा दिवसाला कुशल कामाचे ७४ रुपये, अर्धकुशल कामाचे ६७, अकुशल कामाचे ५३ आणि खुल्या वसाहतीत ९४ रुपये असे दर ठरले. बाहेरच्या मजुरीपुढे ही रक्कम काहीच नाही आणि ती वाढायला हवी, असं माझं स्पष्ट मत आहे. तरी त्या पैशाची ओढ किती असते, हे मनीऑर्डरच्या दिवशी कळतं. आतून घरी पैसे पाठवणारा बाप आणि घरून पैसे मागवणारा बाप यांना पोरं एकाच नजरेनं बघत नाहीत.

२०२२ मध्ये सुरू झालेली ‘जिव्हाळा’ ही कर्जयोजना याच जाणिवेतून आली. महाराष्ट्र राज्य सहकारी बँक शिक्षा भोगणाऱ्या बंद्याला ५०,००० रुपयांपर्यंत कर्ज देते, व्याज ७ टक्के, तारण काही नाही, आणि हप्ता त्याच्या कारागृहातल्या मजुरीतून वळता होतो. पैसा घरी जातो. पोरीची फी, आजारपण, वकील, गळकं छप्पर, असल्या गोष्टींना तो लागतो. माणूस आत असताना घर मोडलं, तर सुटल्यावर जायचं कुठं? राज्यातल्या कारागृहांत ‘गळाभेट’ नावाचा कार्यक्रमही होतो. एरवी मुलाखतीला मध्ये जाळी किंवा काच असते. त्या दिवशी ती नसते, लेकरं सरळ बापाच्या अंगावर जातात. तान्ह्या पोराला पहिल्यांदा उचलताना हात कसा धरायचा, हे शेजारच्या कैद्याला विचारणारा बाप मला एका कर्मचाऱ्यानं वर्णन करून सांगितला.

फाटकाबाहेर

आत एवढं सगळं आहे. सुटकेच्या सकाळी ते एकदम संपतं.

सुटणाऱ्याला जमा केलेल्या वस्तू परत मिळतात. पँट कमरेला बसत नाही. मोबाइल असला तर तो चालू होत नाही, त्यातला नंबर कधीच दुसऱ्या कुणाला गेलेला असतो. साठलेली मजुरी हाती येते, घरापर्यंतचं भाडं मिळतं आणि मागं फाटक बंद होतं. दहा-बारा वर्षांनी सुटलेल्या माणसाला रस्ता ओलांडता येत नाही, हे मी अनेकांकडून ऐकलं. गाड्यांच्या वेगाचा अंदाजच राहत नाही.

मग कागद सुरू होतात. रेशन कार्डावरून नाव कमी झालेलं असतं. बँकेचं खातं व्यवहार नसल्यानं बंद पडलेलं. ते चालू करायला आधार हवं, आधारला मोबाइल जोडलेला हवा, मोबाइलच्या नव्या कार्डाला पुन्हा आधार हवं. ओटीपी येतो तो जुन्या नंबरवर. एका सुटलेल्या माणसानं मला घामेजलेली प्लॅस्टिकची पिशवी दाखवली, तिच्यात सुटकेचा दाखला घडी घालून ठेवला होता. त्याचं सरकारी कागदपत्र म्हणून एवढंच चालू होतं आणि तेच तो कुणाला दाखवू शकत नव्हता.

शिकलेलं काम बाहेर चालेलच, याचीही खात्री नाही. दर दिवाळीला येरवड्याच्या विक्री केंद्रात कारागृहातल्या वस्तू मांडतात, पुणेकर आवर्जून घेतात. सागवानी देवघरं, सतरंज्या, टॉवेल, चपला. मीही एक सतरंजी घेतली, वीण घट्ट आणि काठ सरळ. पण हातमागावर सतरंजी विणणाऱ्याला बाहेर काम कुठं आहे? सोलापूर-इचलकरंजीत यंत्रमाग आहेत. रंधा मारून सागवान गुळगुळीत करणारा सुतार बाहेर येतो, तर तिथं प्लायवूड, लॅमिनेट आणि इलेक्ट्रिक कटरचा जमाना. हाताला कष्टाची सवय लागते, हे खरं. ती मोठी कमाई आहे. तेवढ्यावर खोलीचं भाडं मात्र निघत नाही.

मला भेटलेल्या प्रत्येक जाणत्या माणसानं, मग तो तुरुंगातला असो, संस्थेतला असो की स्वतः शिक्षा भोगून आलेला, एकच गोष्ट सांगितली: पहिला महिना. त्या महिन्यात झोपायला जागा, रोजचा खर्च आणि फोन उचलणारं एखादं माणूस मिळालं, तर गाडी रुळावर येते. नाही मिळालं, तर जुने दोस्त आहेतच. ते फाटकावर न्यायला येतात, हॉटेलात जेवू घालतात, हजार-दोन हजार खिशात कोंबतात. पहिल्या दिवशी प्रेमानं वागणारे तेच असतात. माणूस परत गुन्ह्याकडे वळला की आपण म्हणतो, याची वृत्तीच तशी. त्याला त्या दिवशी जेवायला कुणी विचारलं होतं, हे आपण बघत नाही.

कच्चे कैदी

आतापर्यंत लिहिलं ते सारं पक्क्या कैद्यांचं, म्हणजे शिक्षा लागलेल्यांचं. ते थोडेच आहेत. २०२२ अखेरीस देशातल्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसं होती, त्यातली ४,३४,३०२ कच्चे कैदी, खटला चालू असलेली. दर चारातली तीन. कायद्यानं अजून निर्दोष असल्यानं त्यांना सक्तीचं काम नाही, म्हणून मजुरी नाही, प्रशिक्षण नाही, खुल्या कारागृहाचा तर प्रश्नच नाही. गर्दीच्या बरॅकीत वर्ष-दोन वर्षं बसून काढायची आणि शेजारी जो असेल त्याच्याकडून शिकायचं. मोबाइल चोरून आलेलं एकोणीस वर्षांचं पोर दरोडेखोराच्या पथारीशेजारी झोपतं. आत असताना त्याची काळजी घेणारा, साबण-बिस्कीट देणारा हाच ‘भाई’ असतो, आणि बाहेर आल्यावर त्याचा निरोप येतो.

या पोरांची सुटका ठरवून होत नाही. जामिनाचा कागद संध्याकाळी पोचतो, रात्री बाहेर काढतात. घरच्यांना पत्ता नसतो. अनेकांना जामीन मंजूर होऊनही बाहेर येता येत नाही, कारण हमीदार मिळत नाही किंवा भरायला रक्कम नसते. अशा गरीब बंद्यांसाठी केंद्राची २०२३ ची योजना आहे, तिच्यात सुरुवातीला जामिनासाठी ४०,००० रुपयांपर्यंत आणि दंडासाठी २५,००० रुपयांपर्यंत मदत ठरली होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेनुसार पहिल्यांदाच गुन्ह्यात सापडलेला कच्चा कैदी कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत राहिला, तर न्यायालयानं त्याला बंधपत्रावर सोडायला हवं. जन्मठेप-फाशीचे गुन्हे आणि एकाहून अधिक खटले असलेले यातून वगळलेत. कागदावर हे चांगलं आहे. पण बरॅकीत जाऊन, यादी करून, कुणाचा अर्ज अडलाय हे बघणारं माणूस लागतं. मुंबईत टाटा सामाजिक विज्ञान संस्थेचा ‘प्रयास’ हा प्रकल्प १९९० पासून हेच करतो. त्यांचे कार्यकर्ते पोलीस ठाण्यात, तुरुंगात, कोर्टात बसतात, घरच्यांना फोन लावतात, सुटलेल्याला एखाद्या सामाजिक संस्थेत विद्यावेतनावर काम शिकायला ठेवतात, म्हणजे त्याच्या नावापुढे अनुभवाची एक ओळ तयार होते. ती ओळ तुरुंगाच्या पत्त्याची नसते, हे महत्त्वाचं.

बांधावरचा खून

स्वतंत्रपुरातल्या लोकांशी बोलताना गुन्ह्याची हकीकत मी विचारली नाही, पण बऱ्याच जणांनी आपणहून सांगितली, आणि ती थोड्याफार फरकानं तीच होती. भावकी, बांध, फूटभर जमीन, नाही तर विहिरीच्या पाण्याची पाळी. सकाळची शिवीगाळ, दुपारची मारामारी, हातात कुऱ्हाड. ज्यानं मारलं तो चुलतभाऊ, ज्याला मारलं तोही चुलतभाऊ. ही माणसं धंदेवाईक गुन्हेगार नव्हेत. दुसरा खून ती बहुधा करणारही नाहीत. त्यांचं दुखणं वेगळं आहे: त्यांना परतायचं असतं त्याच बांधावर.

आणि तिथं मेलेल्याची बायको असते. तिच्या बाजूनं बोलल्याशिवाय हा लेख पुरा होणार नाही. तिनं कोर्टाचे हेलपाटे घातले, पोरं एकटीनं वाढवली, आणि एक दिवस गल्लीत तो माणूस सुटून आलेला दिसतो. तिला कुणी कळवलेलंही नसतं. सुधारणेचा सगळा विचार आपण सुटणाऱ्याभोवती करतो. रजा आणि सुटकेआधी पोलीस पाटील, पोलीस ठाणं यांच्याकडून अहवाल मागवतात, त्यात तिचं म्हणणं ‘हरकत आहे’ एवढ्या दोन शब्दांत येतं. तिच्याशी निवांत बसून कुणी बोललेलं नसतं. तुम्हाला भीती कशाची वाटते? त्यानं कोणत्या रस्त्यानं जाऊ नये? पाण्याची पाळी कशी ठरवायची? हे प्रश्न विचारायला माणूस नेमला, तर दोन्ही घरांचं भलं होईल. आज बहुतेक जण तो अवघड प्रसंग टाळतात, गाव सोडून भोसरी, चाकण, वाळूजकडे निघून जातात आणि जमीन बटाईनं देतात.

मॅडमचा प्रश्न

माणूस तुरुंगात गेल्यावर त्याला बाहेर आणायची एवढी यातायात, तर तो आत जायच्या आधीच थांबवता येतं का? येतं, आणि कायदा जुना आहे. १९५८ चा परिविक्षा कायदा सांगतो की, योग्य प्रकरणात न्यायालय आरोपीला दोषी ठरवूनही शिक्षा न देता चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर सोडू शकतं. २१ वर्षांखालच्या मुलाला तर, जन्मठेपेइतका गंभीर गुन्हा नसेल तर, तुरुंगात पाठवायचंच असेल तेव्हा त्याची कारणं न्यायाधीशांना नोंदवावी लागतात. असं सुटलेल्याला गुन्हा शाबीत झाल्यामुळे येणारी अपात्रताही लागू नये, असंही हा कायदा म्हणतो. कायदा चांगला, वापर तोकडा. वकील निर्दोष सोडण्याचीच मागणी करतात, आणि परिविक्षा अधिकाऱ्यांकडे बालकल्याणाच्या इतर कामांचा ढीग असतो.

अशा एका अधिकारी मॅडमबरोबर मी पुण्यातल्या टेकडीलगतच्या एका वस्तीत गेलो. वीस वर्षांचा मुलगा, मोबाइल चोरीची पहिलीच केस, न्यायालयानं अहवाल मागवलेला. घरात आजी, आई, मोठा भाऊ आणि त्याची नवी नवरी. खोली दहा बाय दहाची. मॅडमनी चोरीबद्दल विचारलंच नाही. कामाला कुठं जातोस, कुणी उठवतं का, पगार कुणाच्या हाती देतोस, असं विचारत गेल्या. मग खोलीभर नजर फिरवून म्हणाल्या, “रात्री झोपतोस कुठं रे?”

मुलगा गप्प. आजीनं सांगितलं, “थोरल्याचं लगीन झाल्यापासनं भाईर झोपतो. कट्ट्यावर.”

कट्ट्यावर रात्री कोण असतं, हे वस्तीत सगळ्यांना माहीत होतं. आईनं पदर तोंडाला लावला. मॅडमनी वहीत लिहिलं आणि मावशी कुठं राहते, मामाचं काय आहे, दुकान आहे का, पोटमाळा आहे का, हे विचारायला लागल्या. मामाचं पिठाच्या गिरणीचं दुकान निघालं. मुलानं पहिल्यांदा मान वर केली. अहवालात काय लिहिणार, असं मी उतरताना विचारलं. “मामाच्या गिरणीत झोपायची सोय होतेय, सकाळी तोच उठवून कामाला लावणार, दर पंधरा दिवसांनी माझ्याकडे हजेरी. कट्टा सुटला तर पोरगं सुटेल. निबंध लिहून काय होणार आहे?”

२०२२-२३ पासून पुण्यात ‘कोयता गँग’ हा शब्द रोजच्या बातम्यांत आला. हातात कोयता घेऊन रील काढणारी, गाड्या फोडणारी पोरं. त्यांची धिंड काढा, असं लोक उघड म्हणतात. दहशतीत राहणाऱ्या वस्तीचा राग मला समजतो. पण धिंड काढलेल्या पोराचा व्हिडिओ त्याच पोराचे दोस्त मिरवतात, हेही मी पाहिलं. आता न्याय संहितेत समाजसेवेची शिक्षा आली आहे. ५,००० रुपयांखालच्या चोरीत पहिल्यांदाच दोषी ठरलेला माणूस माल किंवा किंमत परत करत असेल, तर त्याला ती देता येते. तिची अंमलबजावणी अशा मॅडमांच्या संख्येवर अवलंबून राहील.

जन्मानं लागलेला शिक्का

विश्वास आधी टाकायचा की संशय आधी घ्यायचा, याचं दुसरं टोक सोलापुरात आहे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं जमातीच्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये पारधी, कैकाडी, टकारी, भामटा अशी कुटुंबं तारेच्या कुंपणात राहिली, हजेरी देत गिरणीत कामाला गेली. ३१ ऑगस्ट १९५२ ला हा कायदा गेला, पण मुंबई राज्यात १९५९ मध्ये सराईत गुन्हेगारांचा कायदा आला आणि पोलिसांची नजर तीच राहिली. लक्ष्मण गायकवाडांचं ‘उचल्या’ हे आत्मकथन ज्यांनी वाचलं आहे, त्यांना जास्त सांगायला नको. तुळजापूर तालुक्यात यमगरवाडीला गिरीश प्रभुणे यांनी उभ्या केलेल्या कामातून पारध्यांची पोरं शाळेत गेली. पण आजही गावात चोरी झाली, तर पहिली जीप पालावर जाते. गुन्हा न केलेल्या माणसालाही जिथं पुन्हा पुन्हा उचलतात, तिथं गुन्हा सोडलेल्या माणसाला कोण विश्वासात घेणार? ३ ऑक्टोबर २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं तुरुंगात जातीवरून काम वाटण्याच्या नियमांना घटनाबाह्य ठरवलं आणि विमुक्त जमातींना सराईत समजण्याच्या रिवाजावरही बोट ठेवलं. कल्याणच्या पत्रकार सुकन्या शांता यांच्या याचिकेवरचा हा निकाल. तो नियमावल्यांत उतरायला हवा आणि त्याहून आधी ठाण्यातल्या हवालदाराच्या डोक्यात.

आठवड्याचा पगार

भोसरीच्या औद्योगिक वसाहतीत एका फॅब्रिकेशन वर्कशॉपमध्ये शिक्षा भोगून आलेले कामगार आहेत. किती आणि कोण, हे मालकांनी मला सांगितलं नाही. बाकीच्या कामगारांनाही त्यांनी सांगितलेलं नाही. ठिणग्यांच्या उजेडात सगळे सारखेच दिसत होते.

“पहिल्या दोघांच्या वेळी मी सरळ महिन्याचा पगार ठेवला,” ते म्हणाले. “एक जण वीस दिवसांत गेला. नंतर कळलं, त्याच्याकडे जेवायला पैसे नव्हते. लाज वाटत होती उचल मागायला. जुन्या मित्राकडे गेला. तेव्हापासून पहिले तीन महिने पगार आठवड्याला. शनिवारी संध्याकाळी, हातात.”

दुसरा नियम हत्यारांच्या पेटीचा. पहिल्या आठवड्यापासून ग्राइंडर, ड्रिल, केबल यांच्या पेटीची किल्ली नव्या माणसाकडे. हरवलं तर त्यानं सांगायचं, भरून द्यायचं नाही. तिसरी अडचण त्यांच्या हातची नाही. मोठ्या कंपनीत साइटवर माणूस पाठवायचा, तर गेट पासला पोलिसांचा चारित्र्य पडताळणीचा दाखला लागतो. तो या माणसांना मिळत नाही किंवा त्यावर जुना गुन्हा लिहून येतो. त्यामुळे ही माणसं कायम शॉपमध्येच, साइटचा भत्ता त्यांना मिळत नाही. शिक्षा संपून ठरावीक वर्षं सरळ वागलेल्या माणसाला निदान अशा कामांपुरता कोरा दाखला मिळावा, असा अर्ज त्यांनी लघुउद्योजकांच्या बैठकीत मांडला. अजून त्याचं काही झालेलं नाही.

दिवाळीनंतर येरवड्यातून एक जण सुटतो आहे. त्याला गॅस वेल्डिंग येतं, आतल्या गुरुजींनी नाव सुचवलं आहे. मालकांनी त्याच्यासाठी खोली बघायला घेतली आहे. भोसरीत घरमालक आधार आणि मागचा पत्ता मागतात, म्हणून आता दिघीला बघताहेत. अनामत रक्कम ते स्वतः भरणार आणि शनिवारच्या पगारातून थोडी थोडी कापून घेणार.